बेटी डेव्हिस: तीन अल्बम, मग चाळीस वर्षं गप्प. का?

घाटमाथा

जॅझचा ट्रंपेटवाला माइल्स डेव्हिस, त्याच्यावर बोलणारी मंडळी मराठीतही कमी नाहीत. १९६९-७० च्या वळणावर आली की सगळी खुलतात: सूट-टाय गेले, झालरीची जाकिटं आली, ट्रंपेटला वायर लागली, जॅझमध्ये रॉक शिरलं. तेव्हा त्याच्या घरात कोण होतं हा विषय मात्र 'दुसरी बायको, लग्न वर्षभर टिकलं' एवढ्यात आटपतात. हा धागा त्या बाईवर.

बेटी मॅब्री, लग्नानंतर बेटी डेव्हिस. जन्म २६ जुलै १९४४, नॉर्थ कॅरोलिनातलं डरहॅम. आजीच्या शेतावर ब्लूजच्या तबकड्या ऐकत वाढली. वडील पोलादाच्या कारखान्यात, त्यामुळे कुटुंब पिट्सबर्गजवळच्या होमस्टेडला आलं. विशीच्या आतच ती न्यूयॉर्कला पळाली, फॅशनचं शिक्षण घेतलं, मॉडेलिंग केलं. गाणी आधीपासून लिहायची. १९६७ साली चेंबर्स ब्रदर्स या बँडने तिचं 'अपटाउन' गायलं. सप्टेंबर १९६८ मध्ये माइल्सशी लग्न झालं, तो ४२ चा, ती २४ ची. त्या वेळच्या त्याच्या एका अल्बमच्या वेष्टनावर तिचा चेहरा आहे आणि आत तिच्या नावाची रचना. रॉक गिटारवाला हेंड्रिक्स आणि फंकवाला स्लाय स्टोन त्याला ऐकायला लावले तिनेच. वर्षभरात काडीमोड.

पुढे १९७३, ७४, ७५ असे ओळीने फंकचे तीन अल्बम. गाणी तिची, चाली तिच्या, दुसऱ्या अल्बमपासून निर्मितीही तिची. एकही चालला नाही. १९७६ चा चौथा कंपनीने दाबून ठेवला. १९८० च्या सुमारास बाई होमस्टेडला परतली ती जवळजवळ अदृश्यच झाली. ९ फेब्रुवारी २०२२ ला तिथेच गेली.

माझं मत सरळ आहे: बाजाराने तिला संपवलं. काळी, बाई, आणि वर स्वतःच मालकीण, हे तिन्ही एकत्र कुणाला झेपलं नाही. तुम्हाला काय वाटतं?

रिकामटेकडा_पुणेरी

शीर्षक वाचून मोठ्या डोळ्यांची हॉलिवूडवाली बेटी डेव्हिस समजून आलो होतो. ही वेगळीच निघाली. आलोच आहे तर चहा घेऊन बसतो.

खर्ज

कुणालाच आवडणार नाही, पण लिहितो. बाईंना गाता येत नव्हतं.

अरेथा फ्रँकलिन ऐका. चर्चमध्ये तयार झालेला गळा, एका हुंकारात तीन जागा घेते. बेटी गुरगुरते, किंचाळते, सुरावरून घसरते आणि घसरल्याचं तिला काही वाटतही नाही. अल्बम पडले त्याचं कारण रंगात आणि बाईपणात शोधण्याआधी जरा कानाने शोधा. चाका खान त्याच काळातली. तीही काळी, तीही बाई, कपड्यांच्या बाबतीत तीही काही सोवळी नव्हे. १९७४ मध्ये रूफस बँडबरोबरचं तिचं 'टेल मी समथिंग गुड' तुफान चाललं. मग बाजार तिला कसा काय झेपला?

घाटमाथा, तुमच्या सिद्धांताला इथे भोक आहे.

निळी_जाई

खर्ज, मुद्दा चांगला आहे, पण चाकाचं ते गाणं स्टीव्ही वंडरने लिहिलेलं. म्हणजे मागे एक मोठा पुरुष उभा होता, ज्याच्यावर कंपनीचा, रेडिओचा सगळ्यांचा विश्वास. बेटीच्या मागे कोण होतं? बेटीच.

आवाजाचं म्हणाल तर पहिला अल्बम पुन्हा ऐका आणि मागच्या आवाजांकडे लक्ष द्या. पॉइंटर सिस्टर्स आहेत, सिल्व्हेस्टर आहे. हे सगळे अस्सल सुरेल गळे. गोड गाणारं माणूस हवं असतं तर चार पावलांवर उभं होतं. त्या गोडव्याच्या पुढ्यात तिने स्वतःचा खरखरीत आवाज ठेवला, तो ठरवून. ती ओळ गात नाही, फेकते. वाक्याच्या मध्येच आवाज तोडते, खालच्या पट्टीत जाऊन पुटपुटते आणि एकदम अंगावर येते. नटी संवाद म्हणते तसं काहीसं. याला तुम्ही बेसूर म्हणा, मी म्हणणार नाही.

बेसवाला

अखेर माझ्या कामाचा धागा!

पहिल्या अल्बमचा निर्माता ग्रेग एरिको, म्हणजे स्लाय अँड द फॅमिली स्टोनचा ड्रमर. आणि बेसवर त्याच बँडचा लॅरी ग्रॅहम. आज जो तो पोरगा अंगठ्याने बेसची तार ठोकत रील बनवतो ना, ते सगळं या माणसापासून सुरू झालं. तरुणपणी तो आईच्या बँडमध्ये वाजवायचा. बँडला ड्रमर उरला नाही, तेव्हा त्याने अंगठ्याने तार ठोकून मोठ्या ढोलाचं काम काढलं आणि बोटाने तार ओढून सोडत छोट्या स्नेअर ड्रमचं. अडचणीतून निघालेली युक्ती, पुढे अख्ख्या फंकचा कणा झाली.

गिटारवर नील शॉन, जर्नी बँडवाला. तेव्हा तो विशीच्या आतबाहेर असेल. आणि अल्बम काढणारी कंपनी मायकल लँगची. होय, वुडस्टॉक भरवणारा तोच लँग. अशी माणसं ज्या पोरीसाठी स्टुडिओत येऊन वाजवतात तिला संगीतातलं कळत नव्हतं हे मला पटणं कठीण आहे.

ज्यांना फंक नवीन आहे त्यांच्यासाठी: जेम्स ब्राउनने साठच्या दशकात जोर पहिल्या मात्रेवर आणला. सगळ्या बँडने त्या एका ठिकाणी एकत्र आदळायचं, बाकीच्या मात्रांवर जो तो आपापल्या फटीत वाजवणार. गिटारसुद्धा ताल धरण्यापुरती. आपल्या समेसारखं समजा.

तबल्याचा_विद्यार्थी

बेसवालादादा, समेसारखं म्हणालात म्हणून राहवलं नाही. तीनतालात सम सोळा मात्रांनी येते. मधे गायक आणि तबलजी किती लांब भटकतात, परत भेटतील की नाही अशी धाकधूक, आणि भेटले की 'वाह'. फंकमध्ये दर चार मात्रांनी भेट. विरहच नाही! मग मजा कशात?

बेसवाला

मजा टिकण्यात. तेच चार बार, म्हणजे चार-चार मात्रांची चार आवर्तनं, पाच मिनिटं वाजवायचे आणि एकदाही सैल पडू द्यायचे नाहीत. करून बघा, मनगट बोलायला लागतं.

रिकामटेकडा_पुणेरी

दर चार मात्रांनी भेट म्हणजे फंक हे लग्न आणि तीनताल हे प्रेमप्रकरण. चालू द्या. :)

नागपुरी_संत्रं

धागा वाचून आत्ताच दुसरा अल्बम लावला. वेष्टन पाहून हसू आलं आधी, ही काय चांदीच्या बुटातली अंतराळवीर! पण शीर्षकगीत ऐकलं आणि गप्प बसलो. त्यात ती आपली सगळी वंशावळ सांगते: पणजोबा ब्लूजवर जीव टाकायचे, आणि मग एल्मोर जेम्स, जॉन ली हूकर, बिग मामा थॉर्नटन अशी ब्लूजवाल्यांची नावं. वर चकाकी, खाली शेतातली माती. मला तर पुरेपूर लावणीची बाई वाटली ही. तोच ठसका, समोरच्या पुरुषाला तसंच नजरेने तोलणं.

निळी_जाई

ठसक्यापर्यंत ठीक आहे, संत्रंभाऊ. पण रामजोशी, होनाजी बाळा, परशराम... फडावरच्या बाईच्या तोंडची ओळ लिहिणारे बहुतेक पुरुष. तिची इच्छा काय असावी हे शाहीर ठरवायचा. बेटीच्या बाबतीत ओळही तिची, इच्छाही तिची. लोकांना नेमकं तेच खुपलं असणार. पुरुषाने लिहिलेली चावट बाई सगळ्यांना चालते.

नागपुरी_संत्रं

हे मात्र जबरी. लावणीवर वेगळा धागा काढा, इथे गर्दी होईल.

काळूबाळू_फॅन

+१. आणि त्या धाग्यावर विठाबाईंबद्दल लिहा कुणीतरी, नुसतं ठसका ठसका करू नका.

सांजवेळ

खुपण्यावरून: तिच्या पहिल्याच अल्बममधल्या पहिल्याच गाण्यावर बहिष्काराची हाक दिली गेली होती. 'इफ आय'म इन लक आय माइट गेट पिक्ड अप'. नटूनथटून बाहेर पडलेली बाई, नशीब असेल तर आज कुणी भेटेल म्हणते, एवढंच. हाक दिली एनएएसीपीने, म्हणजे काळ्यांच्या हक्कांसाठी १९०९ पासून लढणाऱ्या संस्थेने. काही रेडिओ स्टेशनांनी गाणं बंदच केलं.

मला यात संस्थेची बाजूही थोडी समजते. काळी बाई म्हणजे कामातुर, असं चित्र गोऱ्यांनी शतकानुशतकं रंगवलेलं. ते पुसायला पिढ्या खर्ची पडल्या. आणि अशात एक पोरगी अर्ध्या कपड्यांत मंचावर येऊन तेच गाते, म्हणजे त्यांच्या दृष्टीने केलेल्या कामावर बोळा फिरवते. पण त्याच वर्षांत काळे पुरुष याहून उघड गात होते आणि त्यांच्यावर एवढा गहजब झाला नाही. समाजाची अब्रू सांभाळायचं काम बाईच्याच पदरात का पडतं, हा प्रश्न तिकडेही आहे आणि इकडेही.

खर्ज

इकडच्या अब्रूवर घसरलो की धागा संपला. मूळ विषयाला धरून राहा.

जॅझप्रेमी_माहीम

धाग्याच्या सुरुवातीला जरा ब्रेक लावतो. माइल्सचं वळण 'तिच्यामुळे' हे फार झालं. त्याचा 'माइल्स इन द स्काय' अल्बम ऐका. हर्बी हॅनकॉक त्यात इलेक्ट्रिक पियानो वाजवतोय, एका रचनेत जॉर्ज बेन्सनची इलेक्ट्रिक गिटार आहे. ही ध्वनिमुद्रणं १९६८ च्या जानेवारीतली आणि मेमधली, म्हणजे लग्नाआधीची. गडी आधीच तिकडे निघाला होता. बेटीने त्याला दिशा दिली, कपडे बदलले, हेंड्रिक्सशी गाठ घालून दिली. त्याच्या गाजलेल्या अल्बमचं 'बिचेस ब्रू' हे नावही तिचंच असं सांगितलं जातं. हे सगळं मोठंच आहे. पण निर्मिती त्याची.

आणि एक गंमत ज्यांना माहीत नसेल त्यांच्यासाठी. मे १९६९ मध्ये माइल्स आणि त्याचा निर्माता टिओ मासेरो यांनी कोलंबियाच्या स्टुडिओत बेटीची काही गाणी मुद्रित केली. वाजवायला कोण? हॅनकॉक, वेन शॉर्टर, हेंड्रिक्सचे मिच मिचेल आणि बिली कॉक्स, आणि गिटारवर जॉन मॅकलॉफलिन. हाच मॅकलॉफलिन पुढे आमच्या माहीमच्या झाकीर हुसेनबरोबर 'शक्ती' काढतो! कोलंबियाने ती टेप कपाटात टाकली ती २०१६ साली बाहेर आली. ऐकली आहे. अर्धीकच्ची वाटते, पण ऑगस्ट ६९ मध्ये 'बिचेस ब्रू' मुद्रित व्हायच्या आधीची तयारी त्यात दिसते.

निळी_जाई

जॅझप्रेमी, तुमच्याच प्रतिसादात उत्तर आहे की. ऑगस्टच्या तीन महिने आधी जॅझ आणि रॉकवाले एकाच खोलीत बसवले गेले ते तिच्या गाण्यांसाठी. 'दिशा दिली पण निर्मिती त्याची' हे वाक्य जगातल्या किती बायकांच्या बाबतीत लिहिलं गेलं असेल!

आणि कुणीच लिहिलं नाही म्हणून लिहिते. तिने लग्न मोडलं ते त्याच्या हिंसक स्वभावापायी, हे तिने स्वतः सांगितलेलं आहे. माइल्सचं म्हणणं की तिचं हेंड्रिक्सशी प्रकरण होतं; तिने ते कायम नाकारलं. तरी लोक गप्पा मारताना हेंड्रिक्सचा किस्सा आधी सांगतात.

जॅझप्रेमी_माहीम

मारहाणीबद्दल वाद नाहीच. पहिल्या बायकोच्या बाबतीतही तेच होतं, आणि आत्मचरित्रात त्याने कबूलही केलंय. त्याच पुस्तकात तो बेटीबद्दल असंही म्हणतो की ती आज गात असती तर मॅडोना किंवा प्रिन्सच्या जातीची ठरली असती, हे सगळं तिच्यापासूनच सुरू झालं. १९८९ चं पुस्तक. म्हणजे ओळखायला त्याला वीस वर्षं लागली.

रिकामटेकडा_पुणेरी

बायकोचं ऐकायला वीस वर्षं म्हणजे तसा लवकरच म्हणायचा.

मोनोंगहेला_काठ

गेली बरीच वर्षं पिट्सबर्गात आहे, म्हणून थोडं या बाजूने.

होमस्टेड म्हणजे नदीकाठचं कारखान्याचं गाव. १८९२ चा तो रक्तरंजित संप इथलाच, कार्नेगीच्या कारखान्यातला. कारखाना १९८६ मध्ये बंद पडला. आता त्या जागेवर मोठं खरेदी-संकुल आहे, आणि जुन्या धुराड्यांची एक रांग तेवढी ठेवली आहे. पेन हिल्सच्या बालाजी मंदिरात जाऊन आलं की आम्ही मराठी मंडळी हमखास तिथे सिनेमाला नाहीतर जेवायला. त्याच गावात ती राहत होती आणि आमच्यापैकी कुणाला गंध नव्हता. माझ्या ऑफिसातल्या स्थानिकांनाही नव्हता. ती गेल्याची बातमी आली तेव्हा सगळे एकमेकांना विचारत होते.

२०१७ चा तिच्यावरचा माहितीपट पाहिला. दिग्दर्शक फिल कॉक्स. त्यात म्हातारी बेटी जवळजवळ दिसतच नाही. आवाज आहे, हात आहेत, चेहरा नाही. पहिल्यांदा पाहताना चिडलो होतो, एवढा खटाटोप करून माणूसच दाखवत नाहीत! पण ती अट तिची होती.

म्हणून घाटमाथा, 'बाजाराने संपवलं' हे मला अपुरं वाटतं. जरा मागे जाऊन तिने काय काय नाकारलं ते बघा. कॉमोडोर्स बँडला तिने गाणी लिहून दिली, त्या गाण्यांच्या जोरावर त्यांची मोटाउन या रेकॉर्ड कंपनीशी बोलणी झाली. मोटाउनला तीही हवी होती, पण गाण्यांचे हक्क सोडायची अट होती. ती नाही म्हणाली. एरिक क्लॅप्टन अल्बम करून द्यायला तयार होता. नाही म्हणाली, तो तिला जुन्या वळणाचा वाटला. तिसऱ्या अल्बमनंतर कंपनीला तिने मवाळ व्हायला हवं होतं. तेही नाहीच. ज्या बाईने तिशीपर्यंत एवढे नकार दिले, तिने पुढे अख्ख्या धंद्यालाच नाही म्हटलं तर त्यात अचंबा काय?

घाटमाथा

पण मोनोंगहेला, नकार द्यायला समोर कुणीतरी काही देऊ करावं लागतं. १९७९ मध्ये तिने लॉस एंजेलिसला पुन्हा गाणी मुद्रित केली. ती तेव्हा धड बाहेर आली नाहीत. म्हणजे तेव्हाही ती गायला तयार होती. १९८० मध्ये वडील गेले आणि त्यातून ती सावरली नाही, हेही तिने सांगितलंय. मग काही काळ जपान, मग घर. एका बाजूने बंद दारं आणि दुसऱ्या बाजूने दुःख. याला 'नकार' म्हटलं की फार देखणं दिसतं. चाळीस वर्षं पैशांची ओढाताण झाली असेल तर त्यात देखणं काय आहे?

मोनोंगहेला_काठ

दोन्ही खरं असू शकतं. २००७ साली सिअ‍ॅटलच्या 'लाइट इन द अ‍ॅटिक' कंपनीने पहिले दोन अल्बम रीतसर तिच्याशी बोलून पुन्हा काढले, तेव्हा तिला मानधन मिळालं आणि जगभरातून मुलाखतीची मागणी आली. म्हणजे दार उघडलं होतं! तिने फोनवर थोडक्या मुलाखती दिल्या. मंचावर आली नाही. साठी ओलांडलेल्या कितीतरी गायकांनी याच संधीवर पुन्हा दौरे काढले. ही मात्र २०१९ मध्ये एक नवं गाणं लिहिते आणि गायला दुसरीला देते, डॅनिएल मॅजिओला, जी इथेच पिट्सबर्गात तिच्यावर अभ्यास करत होती. लिहिणं सुटलं नव्हतं. स्वतःला दाखवणं सोडलं होतं.

सांजवेळ

हे पटलं. मॉडेल म्हणून, मग माइल्सची बायको म्हणून, मग मंचावर. आयुष्यभर लोकांनी तिला बघितलंच जास्त, ऐकलं कमी.

खर्ज

काल रात्री तिसरा अल्बम शेवटपर्यंत ऐकला. त्यातलं 'यू अँड आय' हे संथ गाणं तिने माइल्सबरोबर रचलंय, वाद्यमेळ गिल एव्हान्सचा. घटस्फोटाला सहा वर्षं झाल्यावर! तिथे ती ओरडत नाही, आणि आवाज अगदी पातळ, उघडा पडल्यासारखा लागतो. गायिका म्हणून माझं मत तेच आहे. पण हे गाणं पुन्हा लावलं, एवढं नोंदवतो.

निळी_जाई

खर्जकाका, नोंद घेतली आहे. :)

तबल्याचा_विद्यार्थी

नवख्याने कुठून सुरू करावं? लांबलचक यादी नको.

बेसवाला

दुसरा अल्बम, १९७४ चा. हेडफोन लावून, आणि पहिल्या फेरीत शब्दांकडे लक्षच देऊ नकोस. मग पहिला. तिसऱ्यापासून तिचा स्वतःचा बँड आहे, फंक हाउस, नॉर्थ कॅरोलिनातली तिच्या नात्यातली नि ओळखीतली पोरं. नावाजलेले वादक नाहीत, पण एकत्र इतके मुरलेत की पहिल्या अल्बमचे दिग्गज मला कधीकधी पाहुणे वाटतात. १९७६ मध्ये हीच पोरं घेऊन ती लुइझियानातल्या बोगालुसाला गेली आणि तो दाबलेला चौथा अल्बम केला. २००९ मध्ये निघाला. माझ्या मते सगळ्यात कसलेला तोच.

नागपुरी_संत्रं

चौथा सगळ्यात भारी आणि तेहतीस वर्षं कपाटात? च्यायला.

बेसवाला

हो. आणि तबलजी, त्यात चार मात्रांनीच भेट आहे, पण ड्रमर पोहोचायला किंचित उशीर करतो. ऐकून सांग विरह जाणवतो का.